तटावरील स्त्रिया आणि राणी लक्ष्मीबाई

इ. स. १८५३ च्या अखेरीस, अवघ्या तीन आठवड्यांच्या अंतराने, मराठी राजघराण्यांतील दोन अधिपती औरस पुत्र मागे न ठेवता निधन पावले. २१ नोव्हेंबर रोजी झाशीचे गंगाधरराव नेवाळकर गेले आणि ११ डिसेंबर रोजी नागपूरचे तिसरे रघूजी भोसले गेले. गव्हर्नर जनरल लॉर्ड डलहौसी याने दोन्ही राज्ये एकाच न्यायाने खालसा केली. नागपूर राज्याचा पूर्वेकडील मुलूख म्हणून रायपूर आणि त्याभोवतीचा छत्तीसगड प्रदेशही १८५४ मध्ये कंपनीच्या थेट अमलाखाली गेला. झाशी आणि रायपूर ही शहरे भाषेने, हवामानाने आणि लोकरीतीने एकमेकांपासून दूर असली, तरी त्यांच्या दास्याचा आरंभ असा एकाच वर्षातला आहे.

चार वर्षांनी दोन्ही ठिकाणी शस्त्रे उचलली गेली. दुष्काळात सावकाराच्या कोठारातील धान्य भुकेल्यांना वाटणारे सोनाखानचे जमीनदार नारायणसिंह यांना १० डिसेंबर १८५७ रोजी रायपूर येथे फाशी देण्यात आली. त्यानंतर सहा आठवड्यांच्या आत, १८ जानेवारी १८५८ च्या संध्याकाळी, तेथील तिसऱ्या पलटणीतील हनुमानसिंह याने सार्जंट मेजर सिडवेल याला ठार केले आणि आपल्या सोबत्यांना उठावाची हाक दिली. परंतु हे बंड छावणीच्या आवाराबाहेर पसरले नाही. काही तासांतच ते मोडले गेले. हनुमानसिंह निसटला, पण त्याच्या सतरा साथीदारांना २२ जानेवारी रोजी उघड्यावर फाशी दिले गेले. त्या सतरा जणांत हिंदू होते, तसेच मुसलमानही होते. त्यांच्या धैर्याविषयी शंका घेण्याचे कारण नाही. मात्र त्यांच्या पाठीशी गाव उभे नव्हते. शिपायाला दारूगोळा पुरवणारे, त्याची तहान भागवणारे, रात्री पडलेली भिंत पहाटेपर्यंत पुन्हा उभी करणारे हात तेथे नव्हते.

पुढे दोनच महिन्यांनी झाशीत जे घडले ते या पार्श्वभूमीवर पाहिले, म्हणजे लक्ष्मीबाईंच्या चरित्राचे एक दुर्लक्षित अंग नजरेस येते. त्यांचे चित्र आपल्या मनात ठसले आहे ते घोड्यावर स्वार झालेल्या, पुरुषी पराक्रम गाजवणाऱ्या वीरांगनेचे. सुभद्राकुमारी चौहान यांच्या हिंदी कवितेने ते घरोघरी पोहोचवले आणि वृंदावनलाल वर्मा यांच्या १९४६ मधील कादंबरीने त्याला कथानकाचा विस्तार दिला. ते चित्र खोटे नाही, परंतु अपुरे आहे. स्त्रीच्या शौर्याची थोरवी सांगताना ती पुरुषासारखी लढली असे म्हणण्याची आपल्या साहित्याला इतकी सवय आहे, की स्त्री म्हणून, स्त्रियांना बरोबर घेऊन तिने काय केले याची चौकशी सहसा होत नाही. दत्तात्रय बळवंत पारसनीस यांच्या १८९४ मधील मराठी चरित्रात आणि विष्णुभट गोडसे वरसईकर यांच्या ‘माझा प्रवास’ या आठवणींत त्या चौकशीची सामग्री विखुरलेली आहे. महाश्वेतादेवींनी १९५६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या बंगाली चरित्रात बुंदेलखंडातील लोकांच्या तोंडी राहिलेल्या आठवणी गोळा केल्या, त्यांतही ती आहे. इंग्रज सेनाधिकाऱ्यांच्या कागदपत्रांतही ती आहे, आणि शत्रूची साक्ष म्हणून तिचे मोल वेगळे आहे.

लक्ष्मीबाईंचा जन्म काशीचा. जन्मवर्षाविषयी मतभेद आहेत. काही १८२८ सांगतात, काही १८३५. वडील मोरोपंत तांबे हे दुसऱ्या बाजीरावांचे बंधू चिमाजीअप्पा यांच्या पदरी होते, आईचे नाव भागीरथीबाई. मुलीचे नाव मणिकर्णिका, लाडाने मनू. आई लवकर वारली आणि चिमाजीअप्पांच्या पश्चात मोरोपंत बाजीरावांच्या आश्रयाला ब्रह्मावर्तास, म्हणजे बिठूरला आले. तेथील पुरुषप्रधान, निर्वासित, काहीसे उदास दरबारी वातावरण या मुलीच्या वाट्याला आले. घोड्यावरची मांड आणि शस्त्रांचा सराव तिने तेथे मिळवला. आईवाचून वाढल्यामुळे घरातील बायकांच्या शिस्तीचा जाच तिला कमी झाला असावा, असे अनुमान करण्यास जागा आहे. १८४२ मध्ये तिचा विवाह गंगाधररावांशी झाला आणि मनूची लक्ष्मीबाई झाली.

गंगाधररावांविषयी इतिहासकार फारसे आदराने बोलत नाहीत, ते काहीसे अन्यायाचे आहे. त्यांनी उत्तम ग्रंथसंग्रह जमवला आणि नाट्यशाळा पोसली. त्या नाट्यशाळेत नट्याही होत्या, आणि यांपैकी एक नाव पुढे वेढ्याच्या कथेत पुन्हा येते. १८५१ मध्ये झालेला मुलगा काही महिन्यांतच दगावला. मृत्यूच्या आदल्या दिवशी, २० नोव्हेंबर १८५३ रोजी, गंगाधररावांनी आनंदराव या मुलाला दत्तक घेऊन त्याचे नाव दामोदरराव ठेवले. कंपनी सरकारने ते दत्तविधान राज्यापुरते अमान्य केले. राणीने जॉन लँग या बॅरिस्टराच्या साहाय्याने अर्जविनंत्या केल्या, त्यांचा काही उपयोग झाला नाही. दरमहा ५,००० रुपयांची नेमणूक ठरली आणि त्यातूनही पतीच्या कर्जाची वसुली सुरू झाली. कुलस्वामिनी महालक्ष्मीच्या देवस्थानाचे उत्पन्न गेले, शहरात गोवध सुरू झाला. लँगला पडद्याआडून ओझरते दर्शन घडले, त्या वेळी ती साध्या पांढऱ्या मलमलीच्या वस्त्रात होती. राज्य नाही, पती नाही, औरस पुत्र नाही, अशा विधवेला शास्त्राने आणि सरकारने मिळून जे आयुष्य नेमून दिले होते ते पूजाअर्चेचे आणि पुराणश्रवणाचे होते. १८५७ च्या जूनपर्यंत ती बहुतांशी तेच जगत होती.

५ जून १८५७ रोजी झाशीच्या छावणीत उठाव झाला आणि ८ जून रोजी जोखनबागेत सुमारे साठ युरोपियनांची कत्तल झाली. मारल्या गेलेल्यांत स्त्रिया होत्या, मुले होती. राणीचा या कृत्याशी संबंध होता की नव्हता याविषयी त्या काळापासून वाद आहे. तिने शिपायांना चिथावल्याचा पुरावा पुढे आलेला नाही, आणि ते थोपवण्याइतके बळ तिच्याजवळ नव्हते हेही दिसते. परंतु झाशीतील स्त्रियांच्या शौर्याविषयी लिहिताना त्या बागेत मेलेल्या परक्या स्त्रियांना वगळून चालणार नाही. पुढील वर्षी इंग्रजी सैन्याने झाशीवर जो सूड उगवला त्याचे निमित्त तेच होते.

शिपाई दिल्लीकडे निघून गेले आणि नगर वाऱ्यावर पडले. सागर विभागाचा कमिशनर अर्स्किन याने सरकारच्या वतीने कारभार पाहण्यास राणीला सांगितले आणि तिने तो हाती घेतला. सदाशिवराव नावाच्या आप्ताने करेऱ्याचा किल्ला घेऊन स्वतःला राजा म्हणवले, त्याचा बंदोबस्त झाला. ओरछ्याचा दिवाण नथेखान फौज घेऊन चालून आला, त्यालाही परतवण्यात आले. नथेखानाशी झालेल्या लढाईतील एक तपशील येथे महत्त्वाचा आहे. जखमी शिपायांच्या जखमा बांधल्या जात असताना राणी स्वतः तेथे जाऊन उभी राहत असे आणि त्यांच्या अंगावरून हात फिरवून विचारपूस करत असे. ज्या वर्गात सोवळ्याओवळ्याचा एवढा बडिवार, त्या वर्गातील विधवेने बुंदेल्यांच्या आणि पठाणांच्या रक्ताळलेल्या अंगाला हात लावणे ही त्या काळी लहान गोष्ट नव्हती. थंडीच्या दिवसांत महालक्ष्मीच्या दर्शनाहून परतताना भिकाऱ्यांची गर्दी दिसली, तेव्हा चौकशी करून तिने त्या सर्वांना टोपी, बंडी आणि घोंगडी देवविल्याचे गोडसे यांनी नोंदले आहे.

हीच वर्षे क्रिमियाच्या युद्धानंतरची आहेत. १८५४ मध्ये फ्लॉरेन्स नाइटिंगेल ३८ परिचारिकांसह स्कुटारीच्या लष्करी रुग्णालयात गेल्या आणि रणभूमीच्या मागे स्त्रीला काही काम आहे हे युरोपने सरकारी रीतीने मान्य केले. झाशीवर चालून आलेला सेनापती सर ह्यू रोज हा त्याच युद्धात फ्रेंच सेनेच्या गोटात इंग्लंडच्या राणीचा प्रतिनिधी होता. म्हणजे सैनिकाच्या मागे उभी राहणारी स्त्री त्याला अपरिचित नव्हती. तरीही झाशीसमोर त्याला जे दिसले ते स्कुटारीहून निराळे होते. येथे रुग्णालय आणि रणांगण यांच्यामध्ये समुद्र नव्हता. घर, चूल, विहीर आणि तोफखाना एकाच तटाच्या आत होते.

त्या धामधुमीच्या वर्षात केव्हातरी राणीने नगरातील समस्त स्त्रियांसाठी मोठ्या थाटाने हळदीकुंकू केले. हल्ल्याच्या भीतीने धास्तावलेल्या घरांना धीर यावा हा तिचा हेतू होता, असे सांगितले जाते. महाराष्ट्रीय वाचकाला हा समारंभ इतका ओळखीचा, की त्याचे वैशिष्ट्य चटकन ध्यानात येत नाही. हळदीकुंकू हे सुवासिनींचे. विधवेने त्यात मागे राहावे, कुंकवाच्या करंड्याला तिचा हात लागू नये, अशी रूढी. येथे एक विधवाच यजमानीण आहे आणि नगरातील सुवासिनी तिच्या वाड्यात येऊन आपल्या सौभाग्याची जोखीम तिच्या स्वाधीन करीत आहेत. सैन्य मागायचे ते दरबारात, हा राजकारणाचा प्रघात. राणीने ते आधी माजघरात मागितले. पुढे वेढा पडल्यावर ज्या घरांतील पुरुष तटावर गेले, त्या घरांतील बायका त्यांच्यामागोमाग गेल्या, याचे एक मूळ या समारंभात शोधणे अतिशयोक्तीचे होणार नाही.

रोजचे सैन्य १८५८ च्या मार्चच्या तिसऱ्या आठवड्यात झाशीसमोर आले. तत्पूर्वी राणीने भोवतालचा मुलूख गवतकाडीपर्यंत उजाड करविला होता, शत्रूच्या घोड्यांना वैरण मिळू नये म्हणून. रोजच्या अंदाजाप्रमाणे आत सुमारे ११,५०० लढणारे होते. बहुतेक बुंदेले आणि ज्यांना विलायती म्हणत ते अफगाण, शिवाय दीडेक हजार शिपाई. या लोकांना एकत्र बांधणारी भाषा नव्हती की धर्म नव्हता. मुख्य गोलंदाज गुलाम गौसखान मुसलमान, राणी कऱ्हाडे ब्राह्मण, पायदळ बुंदेली, नगरात कोरी, सुतार, गवंडी, हलवाई, सावकार. भाडोत्री सैनिकांचे मनोबल पगारावर टिकते आणि कोंडलेल्या शहरात पगाराला किंमत उरत नाही. मग ते पंधरवडाभर कशावर टिकले, हा या प्रकरणातील खरा प्रश्न आहे.

२५ मार्चपासून इंग्रजी तोफांचा मारा अखंड सुरू झाला. दिवसा तटाचा जो भाग ढासळे तो रात्री भरून काढला जाई. भगदाडाच्या तोंडाशी लाकडी कठडा उभारला गेला, तेव्हा तो जाळण्यासाठी इंग्रजांना लाल तापवलेले गोळे टाकावे लागले. दुर्बिणीतून पाहणाऱ्या इंग्रज अधिकाऱ्यांना बुरुजांवर स्त्रिया काम करताना आणि दारूगोळा वाहताना दिसल्या, आणि रोजने ही गोष्ट आपल्या अहवालात मुद्दाम नमूद केली. त्या मोहिमेत शस्त्रवैद्य असलेल्या थॉमस लो यानेही झाशीचे लोक किती जिद्दीने झुंजले ते लिहिले आहे. शत्रूला हे विलक्षण वाटले, कारण त्याच्या समजुतीप्रमाणे पूर्वेकडील स्त्री पडद्यात असायची. वस्तुतः तटावर आलेल्या बायकांपैकी पुष्कळशा डोईवर पाटी घेऊन बांधकामावर राबण्याची सवय असलेल्या कष्टकरी घरांतील असाव्यात. पाटीत चुन्याऐवजी गोळे आले, एवढाच फरक. उच्चवर्णीय स्त्रिया त्यांत किती होत्या हे सांगता येत नाही. गोडसे हे भिक्षुक. त्यांच्या डोळ्यांना ब्राह्मणवस्ती अधिक दिसते, कोरीवाडा कमी दिसतो. ती उणीव लोककथांनी भरून काढली. झलकारीबाई या कोरी स्त्रीची कथा, राणीचा वेष घेऊन ती शत्रूला सामोरी गेल्याची, बुंदेलखंडात आजही श्रद्धेने सांगितली जाते. कागदोपत्री आधार क्षीण असला, तरी नगराच्या कोणत्या थरातून मदत आली याची आठवण त्या कथेने जपली आहे, आणि ती आठवण टाकाऊ मानू नये.

३१ मार्चच्या रात्री बेटवेच्या बाजूला मोठा जाळ दिसला. तात्या टोपे सुमारे वीस हजारांची फौज घेऊन आल्याची ती खूण होती. तटावर तोफांचे बार काढण्यात आले, जयघोष झाला. दुसऱ्या दिवशी, १ एप्रिलला, रोजने वेढा न उठवता आपल्या सैन्याचा एक लहान भाग वळवून तात्यांचा पराभव केला. पराजित फौज माघारी जाताना झाशीकरांनी तटावरून पाहिली असेल. आशा दाखवून ती हिरावून घेतली गेली, म्हणजे सैनिक खचतो. झाशी मात्र खचली नाही, आणखी दोन दिवस लढली. या दोन दिवसांत राणी मोर्च्यामोर्च्यावर हिंडत होती, बक्षिसे देत होती, नावे घेऊन बोलत होती. तिच्या साऱ्या लष्करी कर्तृत्वात हे दोन दिवस सर्वांत कठीण म्हणावे लागतील. कोटा-की-सरायच्या रणापेक्षाही कठीण, कारण तेथे निर्णय काही क्षणांत लागला, येथे दोन दिवस विझलेल्या आशेवर माणसे उभी ठेवायची होती.

३ एप्रिलला पहाटे शिड्या लागल्या आणि इंग्रजी सैन्य शहरात शिरले. गल्लीबोळांतून, घराघरांतून लढाई झाली. मग कत्तल. पुरुष दिसेल तेथे मारला गेला. स्त्रियांना मारू नये असा रोजचा हुकूम होता, परंतु हुकुमाने विहिरी भरल्या नाहीत असे नाही. कित्येक स्त्रियांनी उड्या टाकल्या, कित्येकींना त्यांच्याच माणसांनी आधी संपवले. लुटीच्या दिवसांत गंगाधररावांचा ग्रंथसंग्रह उद्ध्वस्त झाला. त्याचे दुःख गोडसे यांना माणसांच्या दुःखाखालोखाल झालेले दिसते. भुकेने व्याकूळ झालेल्या बायकामुलांना काही इंग्रज शिपायांनी आपल्या शिध्यातला वाटा दिला, हेही नोंदलेले आहे आणि तेही सांगितले पाहिजे.

किल्ल्यात कोंडलेल्या राणीने दारूच्या कोठारासह स्वतःला उडवून घेण्याचा विचार केला, एका वृद्धाने तिला परावृत्त केले, असे वृत्तांत सांगतात. ४ एप्रिलच्या रात्री ती दामोदररावाला घेऊन निसटली. मोरोपंत दतिया येथे पकडले गेले आणि त्यांना जोखनबागेत फाशी देण्यात आले.

काल्पीच्या वाटेवर विहिरीपाशी तिची आणि गोडसे यांची गाठ पडल्याचा प्रसंग ‘माझा प्रवास’मध्ये आहे. धुळीने भरलेली, तहानलेली राणी. भटजी पोहरा सोडून पाणी काढू लागले, तेव्हा विद्वान ब्राह्मणाकडून ही सेवा घेणे तिला रुचले नाही. तिने दोर स्वतःच्या हाती घेतला आणि पाणी शेंदले. आपण अर्ध्या शेर तांदळाच्या धनीण, विधवाधर्म सोडून या उद्योगात पडण्याची आपल्याला गरज नव्हती, अशा आशयाचे ती बोलली. या प्रसंगाचे शब्द गोडसे यांनी फार वर्षांनंतर स्मरणातून लिहिले. शिवाय १९०७ मध्ये चिंतामणराव वैद्यांनी ग्रंथ प्रसिद्ध करताना त्यावर संस्कार केले. मूळ बखर दत्तो वामन पोतदारांच्या संपादनाने १९६६ मध्ये वाचकांना मिळाली. शब्द अचूक असोत वा नसोत, तटावर दुसऱ्यांच्या तहानेची काळजी वाहिलेल्या बाईच्या हातात येथे विहिरीचा दोर आहे, आणि तो ओढून देणारी दुसरी बाई आता जवळपास नाही.

पुढचा भाग सर्वश्रुत आहे. कोंच, काल्पी, १ जूनला ग्वाल्हेरचा कब्जा आणि १७ जून १८५८ रोजी (काहींच्या मते १८ जूनला) कोटा-की-सरायजवळ मृत्यू. समोर आठव्या हुसार पलटणीचे स्वार होते. याच पलटणीने क्रिमियातील बालाक्लाव्हाच्या प्रसिद्ध चढाईत भाग घेतला होता. फूलबागेजवळ घाईने दहन झाले. शेवटपर्यंत सोबत राहिलेल्या दासींपैकी मुंदर तेथेच पडली, अशी परंपरा आहे. विद्रोही नेत्यांमध्ये ती सर्वांत शूर आणि सर्वोत्तम होती, असा अभिप्राय रोजने लिहून ठेवला. दामोदरराव जगले, इंदुरास सरकारी पेन्शनवर राहिले आणि १९०६ मध्ये वारले.

झाशीच्या किल्ल्यात तीन कबरी आहेत. पहिली गुलाम गौसखानाची, दुसरी त्याचा सहकारी खुदाबक्ष याची. तिसरी मोतीबाईची. ती गंगाधररावांच्या नाट्यशाळेतील नटी होती आणि तोफेपाशी मेली, असे झाशीत सांगतात. तटावर गोळे वाहणाऱ्या बाकीच्या बायकांपैकी कोणाची नावे कोणत्याही दगडावर नाहीत.